‘ओल्या उंदिर’ : विशेषण कोणाचे?

‘पिपांत मेले ओल्या उंदिर’ या मर्ढेकरांच्या ओळीत ‘ओल्या उंदिर’ ही व्याकरणाची चूक मानावी की छंदासाठी घेतलेली मोकळीक, असे सांगलीच्या एका वाचकांनी विचारले आहे.

‘ओल्या’ हे उंदरांचे विशेषण असते, तर ते ‘ओले’ झाले असते. ‘ओल्या’ हे सामान्यरूप, म्हणजे विभक्तिप्रत्यय लागलेल्या नामाबरोबर येणारे रूप आहे आणि ओळीत विभक्तिप्रत्यय लागलेले नाम एकच, ‘पिपांत’. त्यामुळे ‘ओल्या पिपांत उंदीर मेले’ असाच अन्वय, म्हणजे शब्दांचा सरळ संबंध, लागतो. विशेषण नामापासून असे दूर पडले की त्याला दूरान्वय म्हणतात आणि जुने साहित्यशास्त्र तो दोषांत गणते.

छंदाची सबब येथे टिकत नाही. ओळीतला प्रत्येक शब्द चार मात्रांचा असल्यामुळे ‘ओल्या पिपांत मेले उंदिर’ असे सरळ लिहिले असते तरी सोळा मात्रा भरल्या असत्या आणि ठेकाही ढळला नसता. छंदापायी झाले ते एवढेच, की ‘उंदीर’मधला ‘दी’ ऱ्हस्व झाला. म्हणजे हा क्रम कवीने जाणून निवडला आहे. प्रत्यय ‘ओल्या’ला पिपाकडे ओढतो, शेजार उंदरांकडे, आणि वाचणाऱ्याला पीप व उंदीर दोन्ही ओले भासतात.

हळदीच्या वखारीत एखादा हमालही ‘पोत्यात नका भरू हळद, ओल्या’ असे सहज बोलून जाईल. पण तो मध्ये क्षणभर थांबेल. मर्ढेकर ‘माना पडल्या, मुरगळल्याविण’ या पुढच्याच ओळीत स्वल्पविराम देतात, येथे देत नाहीत.

आधुनिक कवींचा वाक्यरचनेवरचा विश्वास उडाला, अशी तक्रार डोनाल्ड डेव्ही या इंग्रज समीक्षकाने १९५५ साली केली होती. ती या ओळीला लावणे मला पटत नाही, कारण येथे सगळा भार व्याकरणाच्या एका ‘या’वर आहे. ‘ओल्या’च्या जागी ‘जुनाट’ हे तितक्याच मात्रांचे, पण अविकारी (रूप न बदलणारे) विशेषण घालून पाहावे : ‘पिपांत मेले जुनाट उंदिर’. जुनाटपणा थेट उंदरांना चिकटतो आणि पिपाशी असलेला धागा तुटतो.

‘पिपांत’वरच्या अनुस्वारामुळे आजचा वाचक पिपे अनेक समजतो. ही कविता ज्यात आहे तो ‘काही कविता’ हा संग्रह १९४७ चा. तेव्हाच्या लेखनात एकवचनी सप्तमीलाही अनुस्वार देत आणि ‘ओल्या’ हे रूप दोन्ही वचनांत सारखेच. मी स्वतः एकच पीप धरतो.