कंबरेएवढ्या लाटांचा चित्रपट

प्रश्न : गोव्यातील आश्वे-मोरजी किनाऱ्यावर सर्फिंग करणारी स्थानिक मुले आणि तिथला निसर्ग यांवर स्वखर्चाने माहितीपट करण्याचा माझा विचार आहे. मात्र पावसाळा सोडला तर आपल्याकडच्या लाटा कंबरेएवढ्याच असतात. हवाईच्या लाटा पडद्यावर पाहिलेल्या प्रेक्षकाला त्यात काय दिसणार? शिवाय आधी ड्रोन घ्यावा की पाण्यात चालणारा कॅमेरा?
— एक वाचक, मांद्रे

उत्तर : लाटांची कमी उंची ही मला अडचण वाटत नाही, कारण लाट का आणि कुठे फुटते हे शांतपणे पाहायला लहान लाटाच अधिक अवसर देतात. पाणी उथळ होत गेले की लाट उभी राहते आणि फुटते. आपल्या किनाऱ्यावर ती उथळ जागा ठरवणारी वाळू मात्र एका ठिकाणी राहत नाही. पावसाळ्यातील उग्र लाटा किनाऱ्याची वाळू ओढून समुद्रात तिचे बांध घालतात, आणि पाऊस सरल्यावर मंद लाटा तीच वाळू हळूहळू परत आणतात. मोरजीला त्यात शापोरा नदीच्या मुखाची भर पडते. त्यामुळे चांगली लाट कुठे मिळेल हे मुलांना पुन्हा पुन्हा शोधावे लागते, आणि हा शोध हाच आपल्या चित्रपटाचा कणा व्हावा, असे मला मनापासून वाटते. त्याच वाळूवर रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचे मोठे मासेमारीचे जाळे, ओढणाऱ्यांनाही अवश्य बोलते करावे. पाण्याचा अंदाज घेण्याची त्यांची रीत मुलांच्या रीतीशेजारी ठेवून पाहण्यासारखी आहे.

आपला किनारा पश्चिमाभिमुख आहे. सकाळी जमिनीवरून येणाऱ्या वाऱ्याने पाणी नितळ राहते आणि सूर्य मागून लाटेच्या दर्शनी भागावर पडतो. दुपारी समुद्री वारा ते विस्कटतो. संध्याकाळी सूर्य लाटेपलीकडे गेल्याने तिचा पातळ माथा आरपार उजळतो.

कॅमेरा पाण्यात उतरेल अशी सोय आधी करावी, ड्रोन नंतर पाहावा. जॉर्ज ग्रीनो या अमेरिकी सर्फरने 1960च्या दशकाच्या अखेरीस जड कॅमेरा पाठीवर बांधून लाटेच्या पोटातून चित्रीकरण केले होते. पाण्यालगतच्या कॅमेऱ्याला कंबरेएवढी लाटही पडदाभर दिसते.

एका बाबतीत मात्र मी आग्रही आहे. मोरजी आणि मांद्रे येथे हिवाळ्यात ऑलिव्ह रिडले कासवे अंडी घालतात; 1972च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्यांना सर्वोच्च संरक्षण दिले आहे. पिल्ले उजळ क्षितिजाच्या रोखाने समुद्राकडे जातात, त्यामुळे किनाऱ्यावरचा एक दिवाही त्यांची दिशा चुकवू शकतो. रात्री दिवे लावून घेतलेले दृश्य कितीही सुंदर असले, तरी ते घेऊ नये. तिथे अंधार आणि लाटांचा आवाज एवढेच ठेवावे. घरट्यांच्या परिसरात दिवसाही वनखात्याच्या परवानगीनेच जावे, आणि चित्रीकरणाच्या परवानगीसाठी एंटरटेनमेंट सोसायटी ऑफ गोवाकडे वेळेवर चौकशी करावी.

सुरुवात मे महिन्यात करावी. किनाऱ्याच्या वाळूवर पसरणाऱ्या मर्यादवेलीच्या पट्ट्याबाहेर एक जागा ठरवून वाळूचे दृश्य तिथूनच घ्यावे, आणि ऑक्टोबरमध्ये त्याच जागेवरून, त्याच भिंगाने ते पुन्हा टिपावे.