डोळ्यांसमोर पुरावा असूनही समजूत का सुटत नाही?

प्रश्न : आमच्या गावात साप चावला की रुग्णाला आजही प्रथम मांत्रिकाकडे नेतात. माझे थोरले चुलते चांगले शिकलेले आहेत. पण त्यांना वैद्यकीय माहिती दाखवली, तेव्हा ते उलट अधिकच ठाम झाले. असे का होते?
– एक वाचक, शिराळा, जि. सांगली

उत्तर : आपल्या चुलत्यांची समजूत चुकीची असली, तरी ती अनुभवातून आलेली आहे, हे आधी ध्यानात घ्यावे; मांत्रिकापुढे माणसे उठून बसलेली त्यांनी पाहिली असणार. आपल्याकडचे बहुतेक साप बिनविषारी असतात, जीव जातो तो मुख्यतः नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे यांच्या दंशाने, आणि विषारी सापही प्रत्येक दंशात विष सोडतोच असे नाही. त्यामुळे मांत्रिकाकडे नेलेल्यांपैकी बरेच जण कोणत्याही उपचाराविना वाचणारच असतात. ते वाचले की श्रेय मंत्राला मिळते. जो दगावतो, त्याला ‘आणायला उशीर झाला’ किंवा ‘त्याची वेळच भरली होती’ असे म्हटले जाते. मंत्र खोटा ठरेल असा प्रसंगच या हिशेबात उरत नाही.

ठाम होण्याविषयी सांगायचे, तर अमेरिकेतील स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या संशोधकांनी 1979 साली प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगात फाशीच्या शिक्षेचे समर्थक आणि विरोधक अशा विद्यार्थ्यांना दोन्ही बाजूंचे तेच पुरावे वाचायला दिले होते. प्रत्येकाने प्रतिकूल पुराव्यातच दोष काढले आणि आपले मत अधिक पक्के झाल्याचे सांगितले. शिक्षण येथे फारसे कामी येत नाही. शिकलेल्या माणसाला दोष काढणे उलट अधिक चांगले जमते.

मला याहून मोठे वाटणारे कारण दुःखाचे आहे. ज्या घराने आपला माणूस मांत्रिकाच्या दारात गमावला, त्या घराने मंत्र निरुपयोगी होता असे मान्य करणे म्हणजे तो आपल्या निर्णयामुळे गेला असे मान्य करणे होय. अमेरिकी मानसशास्त्रज्ञ लिऑन फेस्टिंगर यांनी 1957 साली मांडल्याप्रमाणे, कृती आणि जाणीव यांतील विसंगती माणसाला सोसवत नाही आणि ती मिटवणारे स्पष्टीकरण तो शोधतोच.

म्हणून चुलत्यांना चारचौघांत खोडून काढू नका. वाचलेल्यांना कोणता साप चावला होता, हे कोणी ओळखले होते का, एवढेच एकांतात आदराने विचारा. मात्र सर्पदंशाच्या रुग्णाला उपचारांपासून रोखून मंत्रतंत्र करणे हा 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यानुसार गुन्हा आहे; या कायद्यासाठी साताऱ्याचे डॉ. नरेंद्र दाभोलकर अखेरपर्यंत झटले. चुलत्यांचे मत बदलायला वर्षे लागली तरी चालतील, पण रुग्णाला थेट प्रतिविष मिळणाऱ्या रुग्णालयात नेण्याचा शब्द त्यांच्याकडून आजच घ्या. मंत्र म्हणायचाच असेल, तर तो गाडीत म्हणू द्या.