'तुमचं जमलं कसं?' या प्रश्नाची धास्ती

लग्न सात आठवड्यांवर आलं होतं. ती माझ्यासमोर बसली आणि काही बोलायच्या आधी मोबाइलच पुढे केला. त्यात एक टिपण होतं, नाव 'काय सांगायचं'. खाली लिहिलेलं: 'ओळख ऑफिसमधल्या मैत्रिणीमुळे. तिच्या वाढदिवसाला. महिना ऑक्टोबर. मावशीला आधी मार्च सांगितलंय, तिच्यासमोर विषय काढायचा नाही.' असं दीड पान. हेच तिने होणाऱ्या नवऱ्यालाही पाठवलं होतं आणि रात्री फोनवर त्याच्याकडून उजळणी करून घेत होती. दोन दिवसांपूर्वी तो म्हणाला, "मला हे पाठ होणार नाही, आणि करायचंही नाही." त्यावरून कडाक्याचं भांडण झालं, म्हणून ती माझ्याकडे समुपदेशनासाठी आली होती.

(दोघांच्या परवानगीने लिहितेय. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.)

दोघं भेटले होते डेटिंग ॲपवर, दोन वर्षांपूर्वी. दोन्ही घरांत पसंती होती, विरोध कुणाचाच नव्हता. पण पहिल्यांदा आईने विचारलं तेव्हा तिच्या तोंडून 'मैत्रिणीने ओळख करून दिली' असं निघून गेलं आणि मग ते वाक्य मागे घेता येईना. आता आत्याने ठरवलं होतं की लग्नात त्या मैत्रिणीचा सगळ्यांसमोर सत्कार करायचा. मैत्रीण बिचारी लग्नालाच न येण्याची कारणं शोधत होती.

सुरुवातीला मी तिला आकडे सांगितले. स्टॅनफर्ड विद्यापीठाचे समाजशास्त्रज्ञ मायकल रोझेनफेल्ड आणि सहकाऱ्यांचा 2019 चा अभ्यास आहे. अमेरिकेत 2017 मध्ये भेटलेल्या स्त्री-पुरुष जोडप्यांपैकी सुमारे 39 टक्के ऑनलाइन भेटले होते. मित्रमैत्रिणींमार्फत भेटणाऱ्यांचं प्रमाण 1995 मध्ये 33 टक्के होतं, ते 20 वर आलं होतं. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "पण माझ्या आत्याला हे कोण सांगणार?" बरोबर होतं तिचं. आकड्यांनी लाज जात नाही, हे मला आधीच लक्षात यायला हवं होतं.

मग मी विचारलं, आत्या नेमकं काय म्हणेल? "म्हणेल, हिला कुणी मिळत नव्हतं." थोडं थांबून, बरंच हळू आवाजात: "मी शोधत होते हे सगळ्यांना कळेल."

ही चिंता घेऊन माझ्याकडे बरेच जण येतात आणि जवळपास प्रत्येकाच्या बोलण्यात कुठेतरी हे वाक्य असतं. अडचण ॲपची नसते. योगायोगाने भेट झाली तर त्यात आपली इच्छा उघडी पडत नाही. प्रोफाइल लिहिणं, फोटो निवडणं म्हणजे 'मला जोडीदार हवाय' हे आपण होऊन कबूल करणं. त्यात कमीपणा वाटतो, विशेषतः बाईला वाटायला लावला जातो. मला स्वतःला या कबुलीत धैर्य दिसतं, आणि ते मी तिला स्पष्ट सांगितलं.

पुढच्या भेटीला दोघं आले. मी टिपण बाजूला ठेवायला सांगितलं आणि म्हटलं, खरं कसं घडलं ते मला सांगा. पहिली दोन मिनिटं अडखळत गेली. मग तो म्हणाला, "हिच्या फोटोत मागे पुस्तकांचं कपाट होतं. त्यात एकच पुस्तक उलटं ठेवलेलं. मी पहिला मेसेज तोच केला, ते उलटं का आहे?" ती लगेच म्हणाली, "आणि मी सांगितलं, अर्धवट राहिलेलं पुस्तक मी उलटं ठेवते, म्हणजे येता-जाता टोचत राहतं." मग तीन आठवडे नुसते मेसेज. "एकोणीस दिवस," त्याने दुरुस्ती केली. मग दोन तासांचा फोन, आणि पहिल्या भेटीत दोघांचीही इतकी तारांबळ की समोरासमोर बसून काय बोलायचं तेच सुचेना. सांगता सांगता ती त्याच्याकडे वळून बसली होती.

मानसशास्त्रज्ञ जॉन गॉटमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1992 मध्ये 52 विवाहित जोडप्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. तुम्ही कसे भेटलात, सुरुवातीचे दिवस कसे गेले, हे जोडप्यांना सांगायला लावलं होतं. सांगण्यात जिव्हाळा आहे का, 'मी' ऐवजी 'आम्ही' येतं का, कठीण दिवसांबद्दल अभिमानाने बोलतात की कडवटपणे, यांवर त्यांचं लक्ष होतं, आणि पुढच्या काही वर्षांत लग्न टिकण्या-मोडण्याशी त्याचा जवळचा संबंध आढळला. त्यावरून भाकीत किती अचूक करता येतं यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. पण माझ्या खोलीत मी हे अनेकदा पाहिलंय: आपली भेट सांगताना जोडपं एकमेकांजवळ सरकतं. वाढदिवसाच्या खोट्या गोष्टीत यांना असं सरकायला जागाच नव्हती. तिथे फक्त चूक होण्याची भीती होती.

लपवण्याचा त्रास नेमका कुठे होतो, यावर कोलंबिया विद्यापीठाचे मानसशास्त्रज्ञ मायकल स्लेपियन यांचं 2017 चं काम मला फार उपयोगी पडतं. समोरच्यापासून गोष्ट दडवण्याचे प्रसंग तसे कमी येतात. एकटं असताना मन पुन्हा पुन्हा तिकडे जातं, आणि जास्त थकवा त्याचा असतो. ती लग्नाच्या तयारीत असताना रात्री महिन्यांचा हिशेब जुळवत होती, तो हाच थकवा.

पण 'खरं सांगा' म्हणजे 'सगळं सांगा' नाही. आधी किती जणांशी बोललात, कोणत्या ॲपवर, पहिल्या मेसेजच्या आधी काय झालं, हे पाहुण्यांचं नाहीच. तपशील न सांगणं हा तुमचा हक्क आहे. खोटा तपशील सांगितला की मात्र तो सांभाळायला इतरांना कामाला लावावं लागतं. इथे ती मैत्रीण लागली होती. आणि दोघांत मतभेद असतील तर? माझं मत असं की जो जास्त संकोची आहे त्याने किती सांगायचं याची मर्यादा ठरवावी. पण जोडीदाराकडून खोटं वदवून घेऊ नये.

जिथे खरं सांगितल्याने मारहाणीची, कोंडून ठेवण्याची भीती आहे, तिथे हा सल्ला लागू नाही. तिथे आधी सुरक्षितता. तिथे गप्प राहण्याचं ओझं मनावर घेऊ नये.

यांच्या बाबतीत क्रम महत्त्वाचा होता. आई-वडिलांना ही गोष्ट मांडवात, कुणाच्या भाषणातून कळणं वाईट. म्हणून आधी घरी, शांत वेळ बघून, तिने एकटीने सांगायचं, आणि सुरुवात ॲपने नाही, खोटं बोलण्याच्या माफीने करायची. तिने तसंच केलं. वडिलांनी विचारलं, अशी लग्नं टिकतात का? याचं उत्तर तिने माझ्याकडून घेऊन ठेवलं होतं. अमेरिकेत 2005 ते 2012 या काळात लग्न झालेल्या 19,131 जणांच्या पाहणीत, ऑनलाइन भेटलेल्यांची लग्नं मोडण्याचं प्रमाण किंचित कमीच निघालं. फरक छोटा होता आणि त्या पाहणीला पैसा जोड्या जुळवणाऱ्या एका कंपनीचा होता, हेही मी तिला सांगितलं होतं, आणि तिने वडिलांनाही ते सांगितलं. वडील म्हणाले, "म्हणजे तुमच्या दोघांवर आहे." आई मात्र दोन दिवस बोलली नाही. तिला ॲपचं काही वाटलं नव्हतं. "दोन वर्षं मला का नाही सांगितलंस?" एवढंच ती विचारत राहिली. याला झटपट उत्तर नव्हतं. तिसऱ्या दिवशी आईनेच विचारलं, तो पहिल्यांदा काय म्हणाला होता तुला?

पाहुण्यांसाठी दोघांनी मिळून दोन वाक्यं ठरवली, पाठ न करता: "आम्ही ऑनलाइन भेटलो. माझ्या कपाटातल्या एका उलट्या पुस्तकावरून बोलणं सुरू झालं." बहुतेकांना एवढं पुरतं, ऐकणारा पुस्तकाबद्दलच पुढे विचारतो. कुणी खोदून विचारलंच तर, "बाकीचं आमच्यातच राहू दे," असं हसून म्हणायचं आणि समोरच्याची विचारपूस करायची. भाषण करणाऱ्या त्याच्या बहिणीला आधीच सांगून ठेवलं की ॲपवरून थट्टा नको. हे सांगायला बरेच जण विसरतात आणि मग सगळ्यांसमोर चेहरा पडतो.

लग्नानंतर महिन्याभराने ती एकदा येऊन गेली. मैत्रीण लग्नाला आली होती, साधी पाहुणी म्हणून. आत्याला वडिलांनी आधीच सांगितलं होतं आणि ती फुगून बसली होती. समारंभात कुणीतरी तिच्यादेखतच विचारलं, जमलं कसं? दोघांनी सांगितलं. आत्या ऐकत होती. मग हिचा हात धरून बाजूला घेऊन म्हणाली, "ते पुस्तक वाचून झालं का गं?"

"नाही," ती म्हणाली, "अजून उलटंच आहे."