'एल्डन रिंग'ची कथा संपली, पुढे काय?

प्रश्न: 'एल्डन रिंग' पूर्ण केली, पात्र १३० लेव्हलचं आहे. दुसरा प्रवास (तेच पात्र घेऊन गेम पुन्हा पहिल्यापासून) सुरू करायचा का, असं गेम विचारते आहे. काय करू?

उत्तर: आत्ता 'नाही' निवडा. तुम्ही राउंडटेबल होल्ड या मुख्य तळावर परत याल आणि तिथल्या ग्रेसपाशी (विश्रांतीच्या जागेपाशी) बसून दुसरा प्रवास केव्हाही सुरू करता येईल. एकदा सुरू केला की मात्र मागे फिरता येत नाही.

'शॅडो ऑफ द एर्डट्री' हा २०२४चा विस्तार घेतला असेल, तर तो आधी खेळाच. त्यासाठी राडान आणि मोग हे दोन बॉस हरवलेले लागतात. कथेला मोगची गरज नसते, म्हणून पुष्कळांचा तो राहून जातो. कॉन्सिक्रेटेड स्नोफील्ड या बर्फाळ प्रदेशाच्या पश्चिम भागातल्या वेगेटमधून (दुसरीकडे नेणाऱ्या जादुई दारातून) त्याच्या महालात जाता येतं. तो पडला की तिथल्या मोठ्या कोषाबाहेर लोंबणाऱ्या सुकलेल्या हाताला स्पर्श करा. दुसऱ्या प्रवासात गेलात तर हे दोघे पुन्हा मारावे लागतील, आणि तेही जास्त ताकदीचे.

विस्तारात दोन फटक्यांत मरत असाल, तर लेव्हल वाढवत बसू नका. या टप्प्यावर त्याने फारसा फरक पडत नाही. स्कॅड्यूट्रीचे तुकडे शोधा; ते ग्रेसपाशी वापरले की 'आशीर्वाद' ही विस्तारातली ताकदीची पातळी वाढते. एकूण ५० आहेत आणि आशीर्वाद २० पर्यंत चढतो. त्याने हल्ला आणि बचाव दोन्ही वाढतात, पण फक्त विस्ताराच्या प्रदेशात.

दुसऱ्या प्रवासात लेव्हल, शस्त्रं, मंत्र, फ्लास्क सोबत येतात. ग्रेट रून (मोठ्या बॉसकडून मिळालेल्या शक्ती) आणि उघडलेले ग्रेस येत नाहीत. कथेत लेंडेल ही राजधानी राखेखाली गेल्यामुळे तिथे हुकलेल्या वस्तू या दुसऱ्या फेरीतच पुन्हा मिळतात.