अदिस अबाबात बाळाचं नाव: कासा, तेवोद्रोस आणि आपलं आडनाव

तुम्ही दोघं ऑगस्टमध्ये इथिओपियात, अदिस अबाबाला येताय, यजमानांना विद्यापीठात शिकवायची नोकरी लागली आहे आणि बाळ ऑक्टोबरच्या सुमारास इथेच होणार आहे. मुलगा झाला तर इथलं नाव ठेवायचं मनात आहे आणि 'कासा', 'तेवोद्रोस', 'अबेबे' ही तीन नावं तुम्ही बाजूला काढली आहेत. अर्थ काय, इथल्या माणसांना ती कशी वाटतील आणि कागदपत्रांत काय घोळ होतो, असं विचारलंय. थोडक्यात सांगायचं तर कासा ठेवू नका, तेवोद्रोस खुशाल ठेवा, अबेबे चालेल. पण नावापेक्षा आडनावाचीच काळजी जास्त करा.

'कासा' लहान आहे, गोड आहे, म्हणून इंटरनेटवरच्या याद्यांत सगळीकडे दिसतं. त्याचा अर्थ भरपाई. रस्त्यासाठी जमीन गेली की सरकार जे देतं त्यालाही अम्हारिकमध्ये कासाच म्हणतात. मुलाला हे नाव बहुतेकदा घरात आधी कुणी गेलेलं असतं तेव्हा मिळतं: आधीचं मूल, किंवा बाळ पोटात असताना वडील. 'कासाहुन' म्हणजे 'तू भरपाई हो'. 'मास्रेशा' म्हणजे दुःख विसरायला लावणारा, 'मितिकु' म्हणजे गेलेल्याच्या जागी आलेला. आपल्याकडे मुलं जगत नसली की धोंडू, दगडू, केरू अशी नावं ठेवायचे, पण त्यात दृष्ट चुकवायचा हेतू असायचा. इथे तसं लपवणं नाही, उलट काय गेलं ते नावातच उघड सांगितलेलं असतं. तुमच्या पहिल्यावहिल्या बाळाचं नाव कासा ऐकलं की शेजारच्या बाई हळू आवाजात विचारतील, आधी कोण गेलं? दर वेळी 'कुणी नाही हो' म्हणत बसावं लागेल.

गंमत अशी की तुमच्या यादीतलं दुसरं नाव पहिल्याशी जोडलेलं आहे. सम्राट दुसरा तेवोद्रोस याचं जन्मनाव कासा हायलु. पूर्वेकडून तेवोद्रोस नावाचा राजा येईल आणि न्यायाने राज्य करेल, असं एक जुनं भाकीत इथे प्रचलित होतं. कासाने छोटे छोटे सरदार मोडून काढले आणि १८५५ मध्ये राज्याभिषेकाच्या वेळी मुद्दाम तेच नाव घेतलं. मूळ शब्द ग्रीक, थिओडोरोस, म्हणजे देवाची देणगी. पण इथल्या माणसाला तो ऐकून ग्रीक काही आठवत नाही, तेवोद्रोसचा डोंगरी गड मग्दला आठवतो.

मग्दलाच्या गोष्टीत मुंबई आहे. राणी व्हिक्टोरियाला पाठवलेल्या पत्राचं उत्तर आलं नाही म्हणून तेवोद्रोसने ब्रिटिश वकील आणि काही मिशनरी कैदेत टाकले. त्यांना सोडवायला १८६७-६८ ची मोहीम निघाली ती मुंबई इलाख्याच्या लष्कराकडून. सेनापती रॉबर्ट नेपियर हा त्या लष्कराचा प्रमुख. सुमारे १३ हजार सैनिक आणि भारतातून नेलेले ४४ हत्ती तांबड्या समुद्राच्या काठी झुला इथे उतरले. १३ एप्रिल १८६८ रोजी गड पडला आणि तेवोद्रोसने शरण जाण्याऐवजी स्वतःवर गोळी झाडून घेतली. पिस्तूल व्हिक्टोरियानेच पूर्वी भेट पाठवलेलं. त्याचा लहानगा मुलगा आलेमायेहु याला इंग्लंडला नेलं. तो १८७९ मध्ये, अठरा वर्षांचा असताना तिथेच वारला आणि विंडसरला पुरला गेला. 'आलेमायेहु' या नावाचा अर्थ 'मी जग पाहिलं'. आजही मुलांना हे नाव ठेवतात.

म्हणून तेवोद्रोस नाव इथे मान राखून घेतलं जातं. घरी 'टेडी' होतं, त्याला इलाज नाही. अडचण एवढीच की रोमन लिपीत त्याची चार-पाच स्पेलिंगं चालतात आणि 'तेद्रोस' हाही त्याचाच अवतार. जागतिक आरोग्य संघटनेचे प्रमुख, ज्यांना २०२२ मध्ये गांधीनगरला आपल्या पंतप्रधानांनी 'तुळशीभाई' म्हटलं होतं, त्यांचं नाव तेद्रोस अधानोम गेब्रेयेसुस. दवाखान्याच्या पहिल्या कागदावर जे स्पेलिंग पडेल तेच पुढे सगळीकडे जातं. तेव्हा घरूनच मोठ्या अक्षरांत चिठ्ठी लिहून न्या आणि लिहिणाऱ्याच्या समोर ठेवा.

अम्हारिक नावांत बरीचशी म्हणजे अख्खं क्रियापद असतं. अबेबे म्हणजे 'तो फुलला', मुलगी असेल तर शेवटी 'च्' लागून 'अबेबेच्', म्हणजे 'ती फुलली'. बेकेले म्हणजे 'तो उगवला', तादेसे म्हणजे 'तो नवा झाला'. तिलाहुन म्हणजे 'सावली हो'. रोमन स्पेलिंगमध्ये 'ई' दिसला की आपण 'ए' वाचतो, पण यातला बराचसा 'ए' आपल्या 'अ' कडे झुकलेला आहे, त्यामुळे प्रत्यक्षात अबेबे तुम्हाला 'अबब' च्या जवळपास ऐकू येईल. नागपूरच्या आजीला व्हिडिओ कॉलवर हे नाव सांगाल तेव्हा काय होईल याचा विचार तुम्हीच करा. नाव मात्र इथे घराघरांतलं. १९६० च्या रोम ऑलिंपिकमध्ये अनवाणी मॅरेथॉन जिंकणारा अबेबे बिकिला सगळ्यांना माहीत आहेच, शिवाय आपल्या 'कमल नमन कर' सारखं इथल्या पोरांचं पहिलं वाक्य 'अबेबे बेसो बेला' असतं, म्हणजे अबेबेने सातूसारखं भाजलेल्या जवाचं पीठ खाल्लं.

अर्धी नावं उचलू नका. गेब्रे म्हणजे 'चा सेवक', वोल्दे म्हणजे 'चा पुत्र', तेक्ले म्हणजे 'चं रोप', हायले म्हणजे 'ची शक्ती'. पुढे मरियम, सेलासी, जॉर्जिस, हायमानोत असं काहीतरी लागतं. परदेशी वर्तमानपत्रं हायले सेलासीला 'सम्राट सेलासी' म्हणतात, म्हणजे 'सम्राट त्रैक्य'. आणि ही जोडनावं ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती घरांतली असतात. तुमच्या मुलाचं नाव गेब्रेमरियम ठेवलंत तर बाप्तिस्मा कुठल्या चर्चमध्ये झाला, हा प्रश्न ठरलेलाच. ऑर्थोडॉक्स घरांत मुलग्याचा बाप्तिस्मा चाळिसाव्या दिवशी आणि मुलीचा ऐंशीव्या दिवशी होतो. तेव्हा जे नाव मिळतं ते वेगळंच असतं आणि चर्चबाहेर फारसं वापरत नाहीत. हायले सेलासी हे तसंच बाप्तिस्म्याचं नाव. त्याचं जगातलं नाव तफारी माकोन्नेन, आणि १९३० मध्ये गादीवर बसताना त्याने बाप्तिस्म्याचं नाव पुढे केलं.

ओरोमो लोकांची नावं वेगळी: गेमेचु म्हणजे आनंद, तुलु म्हणजे टेकडी. तिग्रायच्या तिग्रिन्या भाषेत आनंदाला हागोस. मुसलमान घरांत अहमद, सईद, नुरू. नावावरून माणसाचा समाज आणि धर्म बराचसा कळतो, म्हणून उत्तरेकडच्या तिग्राय प्रांतातल्या २०२० ते २०२२ च्या युद्धानंतर लोक याबाबत हळवे झाले आहेत. विद्यार्थ्यांच्या यादीवरून 'म्हणजे तुम्ही तिग्रायचे का' असं वर्गात विचारू नये, हे यजमानांना आवर्जून सांगा. राजांची नावं आवडत असली तरी मेनेलिक टाळा. एकाला तो आद्वाच्या लढाईत इटलीला हरवणारा सम्राट, तर बऱ्याच ओरोमो घरांत त्याच्या स्वाऱ्यांची आठवण अजून कडू आहे. कुठेच खटकणार नाही असं हवं असेल तर दावित, देस्ता (आनंद, मुलगा-मुलगी दोघांना चालतं) किंवा तेस्फाये (माझी आशा) पाहा. माझं मत विचाराल तर देस्ता. मराठी तोंडाला जड नाही आणि स्पेलिंगही सरळ.

आता खरी डोकेदुखी. इथे आडनाव नाही. स्वतःचं नाव, वडिलांचं, आजोबांचं, संपलं. अबेबे बेकेले तादेसे याच्या मुलाचं नाव दावित असेल तर तो दावित अबेबे बेकेले, आणि तादेसे गळून पडलं. लग्नानंतर बाईचं नाव बदलत नाही. १९६० च्या दिवाणी संहितेत कुटुंबाच्या नावाची तरतूद होती, पण ती कागदावरच राहिली. बँक, भाडेकरार, मोबाइलचं सिम, शाळा, सगळीकडे फॉर्मवर हेच तीन रकाने.

आपलंही नाव तीन शब्दांचं, त्यामुळे वरवर सगळं बेतशीर बसतं आणि म्हणूनच फसतं. समजा यजमानांच्या पासपोर्टवर 'सचिन रमेश कुलकर्णी' आहे. कारकुनाच्या लेखी सचिन हा मुलगा, रमेश बाप, कुलकर्णी आजोबा. तुमच्या पासपोर्टवर 'अनिता सचिन कुलकर्णी' असेल तर तुम्ही सरळ सचिनची मुलगी ठरता. निवास परवान्याच्या वेळी 'पत्नी कुठे आहे' असा प्रश्न येतो तो यातूनच. भारतीय पासपोर्टच्या शेवटच्या पानावर आई, वडील आणि जोडीदाराचं नाव असतं, ते पान उघडून दाखवा. त्यावर जोडीदाराचं नाव नसेल तर निघण्याआधी पासपोर्ट दुरुस्त करून घ्या. विवाह प्रमाणपत्राची मूळ प्रत राज्य सरकार, परराष्ट्र मंत्रालय आणि मग नवी दिल्लीतला इथिओपियाचा दूतावास अशा क्रमाने साक्षांकित करून आणा. नुसत्या अपोस्टिलवर (परराष्ट्र मंत्रालयाच्या आंतरराष्ट्रीय साक्षांकनाच्या शिक्क्यावर) विसंबू नका. हे इथून करायला गेलात तर महिने जातात.

बाळाच्या जन्मदाखल्यावर याच्या पुढची पायरी. यजमानांच्या पासपोर्टवर तिन्ही शब्द असतील तर कारकून त्याच्या हिशेबाने 'देस्ता सचिन रमेश' लिहील आणि कुलकर्णी गायब होईल. पासपोर्टवर नुसतं 'सचिन कुलकर्णी' असेल तर 'देस्ता सचिन कुलकर्णी' होतं, म्हणजे चुकीच्या वाटेने बरोबर मुक्कामी! दाखला छापण्याआधी मसुदा वाचायला मागा आणि आजोबांच्या रकान्यात आडनाव टाकायची विनंती त्याच वेळी करा. वडिलांचा पासपोर्ट दाखवला की बहुतेकदा ऐकतात. एकदा शिक्का बसला की दुरुस्तीला अर्ज, फी आणि हेलपाटे. जन्माची नोंद ९० दिवसांत करायची असते. दवाखान्याने दिलेला कागद म्हणजे दाखला नव्हे, तो फक्त नोंदणीसाठीचा पुरावा.

त्याच मसुद्यावर तारीख तपासा. इथलं कॅलेंडर सात-आठ वर्षं मागे आहे आणि वर्ष बहुतेकदा ११ सप्टेंबरला सुरू होतं. १५ ऑक्टोबर २०२६ ला झालेलं बाळ अम्हारिक कागदावर ५ तिकिम्त २०१९ चं असतं. इंग्रजी रकान्यात महिना बदलून वर्ष तसंच राहिलं, तर तुमचं तान्हं बाळ कागदोपत्री शाळेत जायच्या वयाचं होईल. महिने तेरा, शेवटचा पागुमे पाच किंवा सहा दिवसांचा. तुमची तारीख अलीकडे सरकून बाळ ६ ते १० सप्टेंबरमध्ये झालं तर महिन्याच्या जागी १३ दिसेल, घाबरू नका.

पत्रिका करणार असाल तर वेळेकडे डोळे उघडे ठेवून पाहा. इथलं घड्याळ सकाळी सहाला शून्यापासून सुरू होतं. सकाळचे आठ म्हणजे यांचे दोन. पहाटेचे दोन म्हणजे रात्रीचे आठ, आणि ती रात्र बोलण्यात आदल्या दिवसाचीच धरली जाते. बाळंतपणाच्या खोलीत नर्सने 'चार वाजता' म्हटलं तर सकाळचे दहा की आपले चार, हे तिथल्या तिथे विचारा आणि स्वतःच्या मोबाइलवर नोंद करा. गुरुजींना अदिस अबाबाची वेळ भारतापेक्षा अडीच तास मागे आहे हेही सांगा.

इथे जन्मल्याने इथलं नागरिकत्व मिळत नाही, ते आईवडिलांकडून येतं. बाळ भारतीय होण्यासाठी भारतीय दूतावासात जन्मापासून एक वर्षाच्या आत नोंद करायची, आणि बाळाकडे दुसऱ्या देशाचा पासपोर्ट नाही असं लिहून द्यायचं. वर्ष उलटलं तर केंद्र सरकारची परवानगी लागते. दूतावासाच्या अर्जावरचं नाव आणि जन्मदाखल्यावरचं नाव अक्षर न् अक्षर जुळलं पाहिजे, म्हणून वरची सगळी कटकट. इथलं नाव पासपोर्टवर नकोच असेल तर ते पाळण्यातलं नाव म्हणून ठेवा. इथेही एकेका मुलाला आजीचं वेगळं, शाळेचं वेगळं आणि चर्चचं वेगळं नाव असतं, कुणाला त्यात वावगं वाटणार नाही.

तुम्हाला लोक पहिल्या नावानेच हाक मारतील, त्यात सलगी नाही. यजमान 'आतो सचिन' किंवा 'डॉक्टर सचिन', तुम्ही 'वेइझेरो अनिता'. 'मिस्टर कुलकर्णी' म्हणून कुणी विचारलं तर शिपायाला आजोबा हवेत असं वाटेल. हजेरीपट आणि ग्रंथालयाच्या याद्या पहिल्या नावाच्या क्रमाने लावतात, शोधनिबंधात इथिओपियन लेखकाचा संदर्भ देतानाही पहिलंच नाव आधी. घरमालक वयस्कर असतील तर नावाआधी 'गाशे' लावा. बाळंतपणानंतर शेजारणी गेन्फो घेऊन येतील: पिठाचा घट्ट गोळा, मधे खळगा, त्यात मसाल्याचं तूप आणि लाल बेर्बेरे. ते बाळंतिणीसाठीच असतं. तिखट सोसत नसेल तर बेर्बेरे बाजूला सारा, पण दोन घास खा. त्याच वेळी त्या बाळाचं नाव विचारतील, तेव्हा बारशाची वाट पाहतोय म्हटलं तरी चालतं.