ट्रॉली हलली, रोबो चुकला

प्रश्न : मुलगी मेकॅनिकल डिप्लोमाच्या शेवटच्या वर्षाला आहे. ट्रॉलीवरून या मशीनवरून त्या मशीनवर नेता येणाऱ्या रोबोंना मागणी आहे म्हणे. तिला रोबो प्रोग्रामिंगच्या तीन महिन्यांच्या कोर्सला घालू का? – एक पालक, कोल्हापूर

उत्तर : लगेच पैसे भरू नका. हे रोबो म्हणजे कोबॉट, माणसाच्या शेजारी काम करायला बनवलेले रोबो. डेन्मार्कच्या युनिव्हर्सल रोबोट्सचा यूआर५ई घ्या : हाताचं वजन साधारण २० किलो, पोहोच ८५० मिमी, उचलतो ५ किलो, सिंगल फेजवर चालतो. सकाळी एका सीएनसी लेथला (संगणकाने चालणाऱ्या कातकामाच्या मशीनला) जॉब (घडवायचे तुकडे) भरायचे, दुपारी दुसऱ्या लेथला. बटणं दाबून त्याला हालचाल शिकवणं आठवड्याभरात जमतं. नोकरी मिळते ती पुढच्या भानगडी निस्तरता आल्या तर.

ट्रॉली जागेवर परत लावताना १ अंशाने जरी फिरली, तरी पूर्ण पोहोचीवर टोक जवळपास १५ मिमी सरकतं आणि जॉब चकवर (लेथमध्ये जॉब आवळून धरणाऱ्या भागावर) आपटतो. म्हणून जमिनीत ट्रॉली नेमक्या जागी बसवणाऱ्या लोकेटिंग पिना हव्यात. शिवाय सगळे पॉइंट (रोबोने जायच्या जागा) मशीनवरच्या एका प्लेनला, म्हणजे ठरावीक सपाट पृष्ठाला, बांधून शिकवले असतील, तर हलवल्यावर तीनच पॉइंट पुन्हा दाखवून भागतं. वजनाचंही तसंच. एका वेळी दोन जॉब धरणारा दुहेरी ग्रिपर (रोबोची पकड) दीड किलोचा असेल, तर कच्चा आणि तयार जॉब मिळून साडेतीन किलोच उरतात. हे वजन सेटिंगमध्ये चुकलं की रोबो विनाकारण थांबत राहतो. चक आवळल्याचा सिग्नल येण्याआधी ग्रिपर उघडला, तर जॉब खाली. चकच्या जबड्यात धातूचा बुरादा अडकला, तर जॉब वाकडा बसतो. हवेचा झोत आधी मारावा लागतो.

थोडक्यात, तिला लेथ, फिक्स्चर (जॉब पक्का धरायची साधनं), न्यूमॅटिक्स (हवेच्या दाबावर चालणारी यंत्रणा), २४ व्होल्टचं वायरिंग आणि थोडं पीएलसी (मशीनचे सिग्नल सांभाळणारा छोटा संगणक) यायला हवं. (आणि कोबॉट म्हणजे कुंपण नकोच, हा समज तिने आत्ताच सोडावा. धारदार जॉब हातात असलेला कोबॉट माणसाला इजा करू शकतो.) युनिव्हर्सल रोबोट्सची ऑनलाइन अकॅडमी आणि यूआरसिम हे सिम्युलेटर फुकट आहे, लॅपटॉपवर चालतं. ते आजच सुरू करू द्या.

कोर्सवाल्यांना तीन गोष्टी विचारा : एका रोबोमागे मुलं किती, खऱ्या मशीनशी सिग्नल जोडायला मिळतात का, आणि ट्रॉली हलवून तोच प्रोग्राम परत चालवून घेतात का. नुसतं सिम्युलेटरवरच शिकवत असतील, तर ते घरी फुकट आहेच.