गुरुदत्तच्या ‘कागज के फूल’मधला तो प्रकाशझोत छायालेखक व्ही. के. मूर्तींनी कसा टिपला? घरी तसा करता येईल का?

येईल. दिवा नको, दोन आरसे हवेत.

‘वक्त ने किया’ या गाण्यातला तो झोत म्हणजे चक्क ऊन आहे. स्टुडिओबाहेर एका मोठ्या आरशाने ऊन पकडलं, आत उंचावर ठेवलेल्या दुसऱ्या आरशावर टाकलं आणि तिथून खाली फ्लोअरवर सोडलं. जवळच्या दिव्याचे किरण फाकत जातात. सूर्य इतका लांब, की त्याचे किरण जवळजवळ समांतर येतात, म्हणून झोताच्या कडा सरळ दिसतात. कौलातून पडणारा कवडसा आठवा, तेच मोठ्या मापात.

घरी करताना पहिली चूक धुराची होते. धूर हवाच, नाहीतर झोत दिसणारच नाही. पण जास्त झाला की सगळी खोली राखाडी होते. पंखा बंद ठेवा, धूर सारखा पसरू द्या, मग शॉट घ्या. मागची भिंत काळी किंवा अंधारात हवी. झोत कॅमेऱ्याच्या बाजूला तिरका येऊ द्या. कॅमेऱ्याच्या पाठीमागून आला तर फिका पडतो. मोबाइलवर एक्स्पोजर (कॅमेरा किती उजेड घेतो ते) झोतावर लॉक करा. ऑटोवर सोडलंत तर फोन अंधार उजळवतो आणि झोत पांढराफटक होतो.

दुसरी अडचण सूर्याची. तो ४ मिनिटांत साधारण १ अंश सरकतो, म्हणजे १० मीटरवर झोत १७ सेंटिमीटर हलतो. आरशापाशी एक माणूस कायम हवा. आरसा सपाट घ्या, दाढीचा खोलगट नको. तो ऊन एका जागी गोळा करून पेटवू शकतो. आणि कुणाच्या डोळ्यावर मारू नका.

मूर्ती १९२३ साली म्हैसूरला जन्मले, पुढे कॅमेरामन फली मिस्त्रींचे साहाय्यक झाले. ‘बाजी’च्या वेळी गुरुदत्तनी त्यांना हेरलं आणि ‘जाल’पासून (१९५२) ते त्यांचे कॅमेरामन. ‘कागज के फूल’ (१९५९) हा भारतातला पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याचा चित्रपट. त्या लांबलचक चौकटीत दोन माणसांच्या मधे रिकामी जागा उरतेच. दुसऱ्या कुणाला ती भरावीशी वाटली असती. मूर्तींनी ती अंधाराला देऊन टाकली. माझ्या मते झोतापेक्षा हे जास्त शिकण्यासारखं आहे. फिल्मफेअर मिळालं, २००८ सालचा फाळके पुरस्कारही. तो मिळवणारे ते पहिलेच छायालेखक.

आरशाचा प्रयोग जमला की ‘साहिब बीबी और गुलाम’मधलं ‘साकिया आज मुझे’ आवाज बंद करून पाहा. मिनू मुमताज उजेडात आणि मागच्या नर्तकी गाणंभर सावलीत. नाचताना कुणी पाऊलभर पुढे सरकली असती तर चेहरा उजळला असता. तिथे दिवे किती लावले यापेक्षा ते कुठे अडवले, ते शोधा.